दोन नंबरची जागा

हॉलंडमधल्या आमच्या न्यूनेन गावात दर्शनी खिडकीला पडदा ओढून घेत नाहीत. आतल्या फळीवर दोन सारख्या फुलदाण्या आणि एखादं आळशी मांजर, झाली खिडकी. शाओशानकाकांच्या खिडकीत मात्र चिनी रेल्वेची विजेवरची इंजिनं उभी असत. स्वतः लाकडात कोरलेली, रंगवलेली, जन्माच्या क्रमानं लावलेली. एक नंबर आणि तीन नंबर यांच्यामध्ये एका इंजिनापुरती जागा रिकामी.

काका तरुणपणी शेजारच्या आइंडहोव्हन शहरात नोकरीला आले. गाड्यांना पुरवायची वीज हवी तशी वळवणारे पुर्जे तयार करण्यात त्यांचं आयुष्य गेलं. काकू गेल्यावर एकटेच राहायचे. चीनला कधी गेले नव्हते, पण शाओशान नावाच्या त्या इंजिनांच्या घराण्याची कुंडली त्यांना तोंडपाठ होती. म्हणून आम्ही मराठी मंडळींनी त्यांचं हे नाव पाडलं. त्यांना ते ठाऊक होतं आणि आवडतही होतं.

"पहिलं मॉडेल सपशेल बोंबललं," ते चहा गाळता गाळता सांगायचे. "वीज वळवणारे रेक्टिफायर पाऱ्याचे, सारखे बिघडायचे. मग सिलिकॉनचे घातले आणि तेच बेटं शहाण्यासारखं धावायला लागलं. ते एक नंबर. चार नंबर म्हणजे दोन इंजिनं जोडलेली, नवरा-बायको. एकट्याच्या जिवावर चढ चढत नाही. पुढे सुधारित चार निघालं. मुरलेलं लग्न ते!"

"आणि दोन नंबर?"

"ते एकच बनलं गं, प्रयोगापुरतं. पण त्याच्यावर हात बसला, म्हणून तीन नंबर नीट झालं. त्याचा धड फोटोसुद्धा मला मिळाला नाही, कोरू काय? पण जागा तरी सोडायला नको?"

मी नवऱ्याच्या व्हिसावर पुण्याहून आले तेव्हा भित्री भागूबाई होते. डचमध्ये बोलावं लागेल म्हणून वाजणारा फोनही उचलायची नाही. सायकल तर नकोच. काकांनी ती मला शिकवली. कॅरियर धरून धापा टाकत मागे धावायचे आणि ओरडायचे, "भीती वाटू दे! पाय थांबवू नकोस!" या एका वाक्यावर मी सायकल शिकले, मग डच शिकले, मग नोकरीही मिळवली. रोज सकाळी ऑफिसला जाताना त्यांच्या खिडकीपाशी घंटी वाजवायची आणि त्यांनी आतून हात करायचा, असा आमचा नेम.

एके सकाळी ती जागा नव्हती. सगळी इंजिनं एकमेकांना चिकटून उभी. मी इतक्या जोरात ब्रेक दाबला की पडता पडता वाचले. साफसफाईला येणाऱ्या बाईनं सरकवली असतील, अशी मनाची समजूत घातली. संध्याकाळी जाऊन विचारलं, तर काका म्हणाले, "कुठली जागा?"

मग एकदम हसले. "हां हां, दोन नंबर!" उठले आणि जागा केली, पण तीन आणि चारच्या मध्ये. मीही हसले.

त्यानंतर मला त्या खिडकीचीच भीती वाटू लागली. लांबूनच नजर चोरायची, मग न राहवून बघायचं. कधी क्रम बरोबर असायचा, की दिवस सोन्याचा. कधी इंजिनं उलटसुलट. एकदा ते सायकल हातात धरून कोपऱ्यावर उभे दिसले. मला पाहून टोपी काढली आणि अतिशय अदबीनं डचमध्ये विचारलं, "माफ करा बाईसाहेब, माझं घर कुठलं, सांगाल का?" माझ्याशी आणि डचमध्ये! इतकी मी आयुष्यात कधी घाबरले नव्हते.

हाउसआर्टकडे, म्हणजे आमच्या गल्लीच्या डॉक्टरांकडे, मीच त्यांना घेऊन गेले. बाहेर बसलो असताना काकांनी माझं मनगट घट्ट धरलं. "मी भितोय गं. क्रम लागत नाही." त्यांचंच वाक्य त्यांना परत करावं, असं ओठांवर आलं. पण हा रस्ता पाय मारून संपणारा नव्हता. मी त्यांच्या हातावर माझा दुसरा हात ठेवला.

काकांच्या मुलानं त्यांना दूर हार्लेमला, आपल्या घराजवळच्या वृद्धाश्रमात नेलं. मी भेटायला गेले, ते सगळी वाट जीव मुठीत धरून. काकांनी मला ओळखलं नाही. खिडकीत इंजिनं होती, कुणीतरी नीटनेटकी एकमेकांना खेटून ठेवलेली. काका, हे कुठलं, ते कुठलं, असं मी विचारत राहिले. ते माझ्याकडे पाहुण्याकडे पाहावं तसं बघून हसले.

शेवटी मी उठले आणि एक नंबर धरून बाजूला सरकवलं. जागा झाली. काका बराच वेळ तिकडे बघत राहिले. मग पुढे झाले आणि त्या रिकाम्या फळीवर हळूच तळहात ठेवला.

"इथं कुणीतरी होतं," ते मराठीत म्हणाले.

"कोण, काका?"

"ते नाही आठवत." हात तसाच ठेवून त्यांनी माझ्याकडे पाहिलं. "पण जागा ठेव."