बाई मात्र एकच

राग माझ्या नाकाच्या शेंड्यावर असतो, असं आमच्या घरात सगळे म्हणतात. खोटं नाही. पण एका हिवाळ्यात तो राग असा काही कामी आला की त्याचा मला आजही अभिमान वाटतो, आणि तो मी लपवणारही नाही.

दोन हजार सालानंतरची ती वर्षं. मी मध्य प्रदेशातल्या बालाघाटच्या एका मुलींच्या शाळेत रसायनशास्त्र शिकवत होते. शाळेत नुकतीच कॉम्प्युटरची खोली झाली होती. टेलिफोनच्या तारेवरून इंटरनेट यायचं, तेही लाइट असली तर. अकरावीच्या मुलींना मी एकदा सांगितलं, कोणत्याही एका शास्त्रज्ञ बाईंवर पानभर लिहून आणा. झाडून सगळ्या जणी रेडियमवाल्या त्या परदेशी बाईंवर लिहून आल्या. परिच्छेदसुद्धा तेच. मी भडकले.

"अपने तरफ की एक भी नहीं मिली?"

"मैडम, नेट पे है ही नहीं," पहिल्या बाकावरची म्हणाली.

मी स्वतः बघायला बसले. इंटरनेटवर एक मोफत ज्ञानकोश होता, कोणीही वाचावा आणि कोणीही त्यात भर घालावी असा. त्यात आमच्या जिल्ह्यातली तिरोडीची मँगनीजची खाण होती. वारासिवनी गाव होतं. आमच्या जमिनीच्या पोटात काय आहे ते जगाला ठाऊक होतं, पण जमिनीवरच्या बायकांचा पत्ता नव्हता. देशातल्या मोठमोठ्या डॉक्टर आणि संशोधक बायकांवरही दोन-दोन ओळी, आणि त्यांतली एक नवऱ्याबद्दल. मग मी शनिवारी शाळा सुटल्यावर मुलींना घेऊन बसायला लागले. आम्ही लायब्ररीतली पुस्तकं समोर उघडून एकेका बाईचं पान वाढवायचो, खाली पुस्तकाचा संदर्भ द्यायचो. लाइट गेली की लिहिलेलं सगळं उडायचं आणि मुली माझ्या तोंडाकडे बघायच्या. मी विद्युत मंडळाचा उद्धार करायचे आणि पुन्हा पहिल्यापासून सुरू करायचे.

तिथे लिहायला एक नाव घ्यावं लागतं. मला सुचेना, म्हणून मी माझं लग्नाआधीचं पाळण्यातलं नाव टाकलं. बालाघाटात ते कोणालाच माहीत नव्हतं. मी इथे आले तीच नव्या नावाने.

हात बसल्यावर मी ठरवलं, आता आमच्या डॉक्टरबाईंवर पान करायचं. माझी दोन्ही बाळंतपणं त्यांच्या हातची. गावातली निम्मी माणसं त्यांच्या हातात पहिल्यांदा रडली असतील. पण त्यांचं खरं काम वेगळंच होतं. नागपुरात डॉक्टरकी शिकत असताना त्या सुट्टीत आमच्याच जिल्ह्यातल्या लांजीकडच्या खेड्यांतून हिंडल्या होत्या. तिकडे पोरांची हाडं दुखायची, अंग पिवळं पडायचं, आणि लोक त्याला नशीब म्हणायचे. बाईंनी बोटाला सुई टोचून रक्ताचा थेंब काचेच्या पट्टीवर घेतला आणि मायक्रोस्कोपखाली पाहिला. लाल पेशी विळ्यासारख्या वाकलेल्या होत्या. या आजाराला आता सगळे सिकल सेल म्हणून ओळखतात. आमच्या भागातल्या त्या रोगावर त्यांनी विद्यार्थिनी असतानाच एका वैद्यकीय मासिकात लेख लिहिला. पुढे लग्न होऊन त्या बालाघाटला आल्या आणि सरकारी दवाखान्यात आयुष्यभर त्याच रोगाच्या मागे लागल्या. निवृत्त झाल्या तेव्हा हिंदी पेपरांनी त्यांच्यावर भरभरून लिहिलं होतं.

मी पान लिहिलं. मासिकातला लेख, पेपरांतली कात्रणं, सगळे संदर्भ दिले. मोठ्या दिमाखात मुलींना दाखवलं. चार दिवसांनी उघडून बघते तर पानाच्या डोक्यावर चौकट. हे पान काढून टाकावं असा प्रस्ताव आहे, आठवडाभरात चर्चा होईल.

प्रस्ताव कुठल्या तरी लांबच्या देशातल्या संपादकाचा होता. त्याचं म्हणणं असं: लेख लिहिणारी बाई एक आणि दवाखान्यातली बाई दुसरी. आडनाव लग्नानंतर बदलतं हे मला ठाऊक आहे, पण इथे पहिलं नावही वेगळं आहे. लेखिकेपाशी एकच लेख, डॉक्टरपाशी फक्त स्थानिक काम. दोन बायकांना जोडून एक पान करता येणार नाही, आणि वेगवेगळं केलं तर एकीचंही होत नाही.

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. मी मोठ्या अक्षरांत लिहिलं की ही एकच बाई आहे आणि हे शेंबड्या पोरालाही कळतं. घरी येऊन भांडी आपटली. यजमान पाटबंधारे खात्यात, स्वभावाने थंड.

"काहून एवढी तापून राह्यली?"

मी सांगितलं.

"मंग त्याले काय माहीत, आपल्या इकडं लगनात नावच बदलते म्हणून? तू सांगतलं का त्याले?"

"हे बी सांगा लागते का?"

"हौ. तो का आपल्या मांडवात आलता?"

खरंच, मला ते लिहायचं सुचलंच नव्हतं. ताटात तांदूळ पसरतात, अंगठीने त्यात नवं नाव लिहितात, चार लोक पेढे खातात आणि सकाळपर्यंत असलेली मुलगी दुपारी दुसरी होते. यात कोणाला समजावण्यासारखं काही आहे हे माझ्या डोक्यातच आलं नव्हतं. दुसऱ्या दिवशी मी शांतपणे सगळं लिहिलं. संपादकाचं उत्तर सभ्य होतं. ही प्रथा मला माहीत नव्हती, असं तो म्हणाला. तुमच्यावर माझा विश्वास आहे, पण ज्ञानकोश विश्वासावर चालत नाही. हीच ती बाई, असं कुठेतरी छापलेलं दाखवा. मला जास्त राग आला, कारण त्याचं बरोबर होतं.

छापलेलं काहीच नव्हतं. निवृत्तीच्या कात्रणांत डॉक्टरबाईंचं सासरचं नाव, नवऱ्याचं नाव, सासऱ्यांचंसुद्धा नाव होतं. माहेरचं नाव एकातही नव्हतं. मी एका हिंदी दैनिकाच्या वार्ताहराला गाठलं. त्याने चहा मागवला, सगळं ऐकून घेतलं आणि हसला.

"मैडम, इसमें न्यूज़ क्या है? नाम तो आप लोगों में सबके बदलते हैं."

लांबच्या माणसाला जे अशक्य वाटत होतं ते जवळच्याला बातमीच वाटत नव्हतं. मला दोघांनाही एका खोलीत कोंडावंसं वाटलं.

शेवटी मी डॉक्टरबाईंच्या घरी गेले. त्या व्हरांड्यात उन्हाला बसल्या होत्या, शेजारी त्यांचे यजमान पेपर वाचत होते. आत भिंतीवर त्यांची डिग्री टांगलेली होती, माहेरच्या नावाची. मी त्यांना सगळं सांगितलं. पान चार-पाच दिवसांत जाईल, आणि रक्ताचं ते काम जगाच्या लेखी कोणा दुसऱ्याच बाईचं राहील, हेही सांगितलं.

"जाऊ दे वं पोरी," त्या म्हणाल्या. "पेशंट बरे झाले ना? पुरे झालं."

"पण काम तुमचं हाय ना, डॉक्टरबाई?"

त्यांनी आत भिंतीकडे पाहिलं. मग म्हणाल्या, "ते नाव आता कोणाच्या तोंडात नाई. एकदा एका पेशंटनं त्या डिग्रीकडं बोट दाखवून इचारलं, ही कोण होय? म्या म्हटलं, होती एक पोरगी. लय हुशार होती."

यजमानांनी पेपर खाली घेतला आणि बायकोकडे पाहिलं. मी निघाले तेव्हा ते फाटकापर्यंत आले आणि हळूच म्हणाले, "ते नाव म्याच बदललं. तवा इचारलं बी नाई तिले. तू सोडू नको."

संक्रांत तोंडावर होती. आमच्या मराठी मंडळाच्या हॉलमध्ये दरवर्षी हळदीकुंकू असतं. हिंदी पेपरवाले येतात, नटलेल्या बायकांचा एक फोटो काढतात, तिळाचा लाडू खातात आणि जातात. मी अध्यक्षबाईंच्या मागे लागून डॉक्टरबाईंना पाहुणी म्हणून बोलावलं. वार्ताहर येणारच होता. मी माझ्या भाषणात दोन्ही नावं घेणार, तो ती छापणार, असा माझा बेत होता. डॉक्टरबाईंनी येते म्हटलं, पण माहेरच्या नावाचा विषय काढू नको, असंही बजावलं. आता मी काय बोलणार होते, मलाच कळत नव्हतं. काळी साडी नेसून, हातात वाण घेऊन मी तिथे नुसती धुमसत बसले होते.

कुंकू लावून झालं, तिळगूळ झाला. मग कोणीतरी म्हणालं, डॉक्टरबाई, नाव घ्या. हळदीकुंकवात उखाणा घ्यावाच लागतो, आणि उखाण्यात नवऱ्याचं नाव गुंफायचं असतं. वय कितीही असो, बायका सोडत नाहीत. वार्ताहराचा फोटो काढून झाला होता, तो चपला शोधत होता.

डॉक्टरबाई उठल्या. चष्मा नीट केला. माझ्याकडे एकदा पाहिलं, ते पाहणं मी विसरणार नाही. आणि नेहमीच्या दवाखान्यातल्या खणखणीत आवाजात त्या म्हणाल्या,

"लांजीच्या मोटारीत मांडीवर सांभाळली रक्ताची काच,
माहेरची अमुक, सासरची तमुक, बाई मात्र एकच."

अमुक आणि तमुक हे शब्द माझे. त्यांनी दोन्ही नावं स्वच्छ घेतली होती, आधी माहेरचं. नवऱ्याचं नाव घेतलंच नाही.

मग मागून एक म्हातारी म्हणाली, "माह्यं बी नाव दुसरंच होतं वं," आणि तिने ते सांगितलं. तिची सूनच चकित झाली, तिला ते ठाऊक नव्हतं. मग तिच्या शेजारणीने आपलं सांगितलं. मग एकीमागून एक. कोणी हसत, कोणी पदर डोळ्याला लावून. वर्षानुवर्षं एकमेकींच्या घरी वाटीभर साखर मागायला जाणाऱ्या बायका एकमेकींची नावं पहिल्यांदा ऐकत होत्या. मला रडू आलं आणि मी ते आवरलं नाही. वार्ताहर चप्पल हातात धरून परत आत आला होता.

"मैडम," तो माझ्या कानाशी म्हणाला, "ये न्यूज़ है."

दुसऱ्या दिवशी सकाळी तो डॉक्टरबाईंच्या घरी गेला, भिंतीवरची डिग्री पाहिली, मासिकातला तो जुना लेख पाहिला, यजमानांशी बोलला. रविवारी अर्ध्या पानावर छापून आलं: दोन्ही नावं, दोन्ही कामं, आणि डिग्रीखाली उभ्या असलेल्या डॉक्टरबाईंचा फोटो. मी तो पेपर घेऊन शाळेत पळाले. रविवार होता, चौकीदाराकडून खोली उघडून घेतली. लाइट होती. पेपराचं नाव, तारीख, पान, सगळं टाकलं. दुसऱ्याच दिवशी डोक्यावरची चौकट निघाली. संपादकाने स्वतःच प्रस्ताव मागे घेतला होता आणि खाली लिहिलं होतं की अशी दोन नावांत विभागलेली आणखी किती पानं असतील, हे आता बघायला हवं. आहेत की. माझ्या मुली त्यानंतर ज्या कोणत्या डॉक्टर किंवा संशोधक बाईवर लिहायच्या, तिथे आधी विचारायच्या, मैडम, इनका पहले का नाम? अशा कितीतरी तुटक्या बायका आम्ही जोडल्या. डॉक्टरबाईंची दोन्ही नावं इथे लिहीत नाही. ती ज्ञानकोशात आहेत, तिथे जाऊन वाचा.

थंडी ओसरल्यावर एका शनिवारी मी डॉक्टरबाईंना शाळेत घेऊन आले. मुलींनी खुर्ची पुसली, पान उघडून दिलं. त्यांनी सगळं सावकाश वाचलं, एक चूकही काढली, लांजीची मोटार तेव्हा सकाळी नाही, दुपारी सुटायची म्हणे. मग एका मुलीने कौतुकाने पानाचा इतिहास उघडला. कोणी, कधी, काय लिहिलं ते तिथे ओळीने दिसतं. डॉक्टरबाईंनी चष्मा वर केला आणि पडद्याजवळ वाकल्या.

"सगळीकडं हे एकच नाव हाय. तो माणूस काढून टाका म्हणते अन् ही भांडून राह्यली. कोण होय ही बाई?"

"मीच, डॉक्टरबाई. लग्नाआधीची."

त्यांनी वळून माझ्याकडे पाहिलं. माझ्या डोक्यावर हात ठेवला आणि मला त्या नावाने हाक मारली. आई गेल्यापासून ती कोणी मारली नव्हती. मी "ओ" म्हणाले.