इंदूबाई इथं होत्या

पोरीला नाही, बहिणीला नाही, देवापुढं एकटी बसले तरी नाही — हे माझ्या तोंडातून कधी निघालं नाही. चौथीपर्यंतच शिकले, अक्षर वाकडं आहे. ही वही तुझ्या हाती पडली, तर तू समजून वाच.

लोक मला लाजरी म्हणतात. पाहुणे आले की मी आत, बोलायची वेळ आली की पदर तोंडाला. काय कौतुक त्या लाजेचं. ऐक तर मग, ही लाजरी कसली आहे ते.

कान्हे स्टेशनाच्या पुढं आमचं गाव. घराच्या भिंतीला लागून जनावरांचा सरकारी दवाखाना, माझे मालक तिथं शिपाई. शिपाई कसले — आठवड्याच्या सह्या शनिवारी एकदम ठोकायच्या आणि बाकी दिवस लोहगडवाडीला टपरी. गड बघायला येणाऱ्यांना चहा-भजी. मला ठाऊक नव्हतं? भज्यांचे कांदे मीच चिरून द्यायचे.

एका माणसाला काम झेपत नाही, असं मालकांनी साहेबापुढं रडगाणं गायलं. साहेबानं लोणावळ्याच्या ऑफिसातून इंदूबाईंना पाठवलं. तात्पुरती बदली, तीही तोंडी हुकमावर. थोड्या दिवसांसाठी आल्या आणि वर्षानुवर्षं राहिल्या. लोकलनं कान्ह्याला उतरायच्या, तिथून चालत यायच्या. झाडलोट, सुया उकळणं, मारक्या बैलाचं मुंडकं धरणं — सगळं त्यांच्याच अंगावर. साहेब तपासणीला आला की "भाऊ आत्ताच भाईर गेलं" हेही त्याच सांगायच्या. दुपारी आमच्या ओट्यावर भाकरी सोडायच्या आणि हसायच्या, "तुमचं मालक गडावर राजं झाल्यात, वयनी. आमी हितं खाली मावळं."

आमची गाय अडली तेव्हा डॉक्टर जागेवर नव्हते. इंदूबाईंनी कोपरापर्यंत हात घालून कालवड सोडवली. माझ्या दावणीला आज जी म्हातारी गाय आहे ना, ती तीच कालवड.

पुढं मालक गेले. त्यांची पेन्शन मला लागली. आणि इंदूबाईंची रिटायर व्हायची वेळ आली तेव्हा ऑफिसातला क्लार्क त्यांना घेऊन माझ्या दारात आला. बदलीच्या वर्षांचा कागद कुठं सापडेना. ती वर्षं नोकरीत धरली तरच पेन्शन बसणार होती. गावातल्या कुणाचं सांगणं नव्या साहेबाला चालेना, दवाखान्यातल्याच माणसाचं पाहिजे. डॉक्टर वारलेले, मालक वारलेले. राहिले मी, शिपायाची बायको.

"मावशी, या बाई इथं कामाला होत्या ना?"

मी काय विचार केला, सांगू? होत्या म्हटलं की तो विचारणार — मग तुमचे मालक कुठं होते? तसं त्यानं काही विचारलंही नव्हतं. मी पदर तोंडाला लावला.

"न्हाई. कदीमदी कुणाचं जनावर घिऊन यायच्या. तेवढंच."

नुसतं नाही म्हणून भागलं असतं. पण मी वर आणि ही गोष्ट रचली — जीभ अडखळलीसुद्धा नाही.

"वयनी, नीट आठवा की," इंदूबाई म्हणाल्या. "तुमची गाय अडली व्हती —"

"आमची गाय कवाच अडली न्हाई."

क्लार्कनं फाईल मिटली. "राहू द्या बाई. मावशी साध्या आहेत, त्या कशाला खोटं बोलतील?"

मी मान खाली घातली. लाजरी ना मी.

ती वर्षं धरली नाहीत. पेन्शन बसली नाही. या वयात इंदूबाई लोणावळ्यात कुणाच्या तरी बंगल्यावर भांडी घासतात आणि मी घरी बसून टपरीवाल्याची पेन्शन खाते. खरं बोलले असते तर ती बंद झाली असती का? तेही मी कधी कुणाला विचारलं नाही. लाज वाटली म्हणून? छे. खाल्लेलं गोड लागत होतं.

मागं कामशेतच्या बाजारात त्या अगदी समोर आल्या. तोंड चुकवायला जागा नव्हती. वाटलं, आता चारचौघांत सगळं काढतील.

"वयनी, ती कालवड हाय का अजून?"

"हाय. म्हातारी झाली."

त्यांनी मान हलवली आणि गाडी गाठायला निघून गेल्या.

इंदूबाई इथं होत्या. रोज होत्या. मी रोज बघत होते.