चुकलेला उच्चार

शाळेत सगळे त्यांना शब्दबाई म्हणत. वडील पुस्तकबांधणी करायचे. दुकानात दुरुस्तीला आलेले जाडजूड इंग्रजी शब्दकोश वाचतच त्या मोठ्या झाल्या. घरात इंग्रजी बोलणारं कुणीच नव्हतं. शब्दापुढची उच्चाराची चिन्हं कळत नसत, म्हणून त्या ती सोडून थेट अर्थाकडे वळत. हजारो शब्द असे डोळ्यांनी शिकलेले, कानावर कधी न पडलेले.

पुढे त्या इंग्रजी शिकवू लागल्या. स्पेलिंगच्या आंतरशालेय स्पर्धेत शब्द उच्चारून सांगायचं काम दरवर्षी त्यांच्याकडेच असे.

त्या वर्षी अंतिम फेरीत दोनच मुली उरल्या. एकीसाठी बाईंनी शब्द वाचला, "सीग."

"अर्थ सांगाल, मॅडम?"

"एका सुरावटीतून न थांबता दुसरीत शिरणं."

मुलीचा चेहरा खुलला आणि लगेच गोंधळला. "शब्द परत सांगाल?"

बाईंनी आणखी ठासून सांगितलं, "सीग."

मुलीने अडखळत अक्षरं सांगितली. घंटी वाजली. चूक. पुढचा शब्द बरोबर सांगून दुसरी मुलगी जिंकली.

बक्षिसं वाटून झाल्यावर ती मुलगी आईला घेऊन बाईंपाशी आली. "मॅडम, तो सेग्वे होता ना? आमचे व्हायोलिनचे सर सारखं म्हणतात. अर्थ ऐकून तोच वाटला होता, पण तुम्ही सीग म्हणालात."

शेजारी मुख्याध्यापक उभे होते. बाईंच्या तोंडून निघून गेलं, "दोन्ही उच्चार चालतात, बाळा."

"बघ, तुझाच अभ्यास कमी पडला," आई म्हणाली. मुलीने मान खाली घातली.

घरी येऊन बाईंनी मोबाईलवर उच्चार ऐकला. लिहायचं s-e-g-u-e, पण म्हणायचं सेग्वे. पुन्हा ऐकला. चूक कुणाचीही होते. पण आपण खोटं बोललो, आणि बोलणी त्या पोरीने खाल्ली. जेवताना त्यांनी नवऱ्याला सगळं सांगितलं.

"जाऊ दे गं, कोण लक्षात ठेवतंय?" नवरा म्हणाला.

"ती ठेवेल ना."

सोमवारी त्यांनी मुख्याध्यापकांना सगळं सांगितलं. निकाल आता बदलता येणार नाही, उगाच शाळेची शोभा होईल, असं म्हणून त्यांनी हात झटकले. मग बाई एकट्याच त्या मुलीच्या शाळेत गेल्या आणि भर वर्गात, तिच्या शिक्षिकेसमोर म्हणाल्या, "तुला वाटला तोच शब्द होता. उच्चार माझा चुकला, आणि वर मी खोटं बोलले. तुझ्या आईलाही आज सांगणार आहे."

मुलीने बाकावर नखाने रेघ ओढली. "मग तेव्हाच का नाही सांगितलंत?"

"लाज वाटली," बाई म्हणाल्या.

मुलीने "ठीक आहे" म्हटलं, पण ते ठीक नव्हतं, हे बाईंना कळलं. त्या मुलीने पुन्हा स्पर्धेत नाव दिलं नाही. बाईंनीही ते काम सोडलं. आता वर्गात अनोळखी शब्द आला की त्या आधी म्हणतात, "थांबा, याचा उच्चार मला येत नाही." हे म्हणताना अजूनही त्यांचे कान तापतात.