टॉवेलाखालचा सौदा

गुंडूतात्यांचा आवाज गेला तेव्हा आमच्या गल्लीला बरेच दिवस चुकल्याचुकल्यासारखं वाटत होतं. वडगावच्या जनावरांच्या बाजारात त्यांनी हेडी म्हणून जन्म काढला. बैल विकणारा एका बाजूला, घेणारा दुसऱ्या बाजूला आणि मधे तात्या. ते घरात चहा मागायचे ते आमच्या स्वयंपाकघरात ऐकू यायचं. मग घशात गाठ निघाली, ऑपरेशन झालं आणि स्वरयंत्रच काढावं लागलं. गळ्याला भोक राहिलं, त्यावर ते पातळ फडकं बांधत. बायको आधीच गेलेली. एकुलती लेक तेजस्वी गारगोटीला दिलेली.

रविवारी तेजस्वीचा फोन यायचा. तात्या फोन कानाला लावून त्यावर नखानं टकटक करायचे. म्हणजे मी ऐकतोय, मी बरा आहे. ती सासूचं, म्हशीचं, पोरांच्या शाळेचं सांगत राहायची, हे टकटकत राहायचे. फोन बंद झाला की ओट्यावर येऊन बसायचे. त्या वेळी त्यांच्याकडे बघवत नसे.

माझी रुचिता तेव्हा वारणानगरला इंजिनिअरिंगच्या शेवटच्या वर्षाला होती. साल २०१३. बोललेलं ऐकणारे फोन नुकते आले होते, पण आपली मराठी त्यांच्या डोक्यावरून जायची. हात ओळखणारा कॅमेराही निघाला होता, मुळात टीव्हीपुढं उड्या मारत खेळायच्या खेळासाठी. रुचितानं कुणाकडून तरी तो जुना मिळवला. कॅमेऱ्यापुढं बोटं धरायची, कॉम्प्युटर त्याचं वाक्य बोलणार, असा तिचा प्रोजेक्ट.

"आणि बोटं आपल्या तात्यांची," ती म्हणाली.

मी तिला म्हटलं, आजारी माणसाला आशा लावायची, आणि नाही चाललं तर?

"आई, तू आधी काळजी करून घे. मग मी सुरू करते."

पहिल्यांदा कॉम्प्युटरच्याच आवाजात 'मी बरा हाय' ऐकवलं. गोऱ्या साहेबानं बेंदराच्या सणाला बैलाची झूल मागावी तसं ते वाटलं. तात्या हसले. हसण्यालाही आवाज नव्हता, नुसते खांदे हलले. मग आमच्या दूधवाल्या सम्राटचा आवाज भरून घेतला. एक बोट म्हणजे 'मी बरा हाय', दोन म्हणजे 'जेवलो', तीन म्हणजे 'औषध संपलं'. पाच बोटांना काय ठेवायचं, हे रुचितानं तात्यांनाच विचारलं.

त्यांनी फोनकडे बोट केलं. मग उंबऱ्याकडे. मग बोटं आपल्याकडे ओढली.

"ये?" रुचितानं विचारलं. "तेजस्वीअक्काला 'ये' म्हणायचंय?"

दुसरीकडे बघत त्यांनी मान हलवली. टकटकीत एवढंच सांगता येत नव्हतं.

"तात्या, मी सांगू का तिला फोनवर?" मी म्हटलं. त्यांनी जोरात हात झाडला. जन्मभर दुसऱ्यांच्या मधे उभ्या राहिलेल्या माणसाला स्वतःच्या लेकीशी बोलायला मधला माणूस नको होता. पुन्हा म्हणून मी तो विषय काढला नाही.

सराव चांगला झाला. एक बोट, दोन बोटं, सम्राटचा आवाज बरोबर निघायचा. पाच बोटं मात्र तात्या करून बघत नसत. "ते रविवारी डायरेक्ट," रुचिता म्हणायची.

रविवारी अर्धी गल्ली खिडकीत. फोन लॅपटॉपशेजारी ठेवला. तेजस्वीचा आवाज आला, "आबा, हाय न्हवं?"

तात्यांनी हात उचलला. खिडकीतल्या तोंडांकडे एकदा बघितलं. आणि खांद्यावरचा टॉवेल ओढून हातावर टाकला.

"तात्या, टॉवेल काढा की! कॅमेऱ्याला बोटं न्हाईत दिसत."

टॉवेलाखाली बोटं हलत होती, ते आम्हाला दिसत होतं. कॉम्प्युटर गप्प. बाजारात सौदा टॉवेलाखालीच व्हायचा; एकाचा हात दुसऱ्याच्या हातात, बोटं दाबून भाव सांगायचा. भोवती शंभर माणसं उभी असली तरी आकडा दोघांनाच ठाऊक. उघड्यावर पडलेला भाव म्हणजे मेलेला सौदा. आणि आम्ही त्यांना सांगत होतो, आयुष्यातली सगळ्यात अडलेली मागणी खिडकीपुढं हात पसरून करा.

"आबा? ओ आबा?" तेजस्वी ओरडत होती. या गडबडीत तात्यांनी टकटकही केली नाही. रेंज गेली की तिनं फोन ठेवला, कळलं नाही. मी उलट लावला तर लागेना. तात्यांनी टॉवेल झटकून खांद्यावर टाकला आणि रुचिताच्या डोक्यावर हात ठेवला. ती तोंड फिरवून वायरी गुंडाळत बसली.

दुसऱ्या दिवशी पहिल्या एसटीनं तेजस्वी दारात. केस विस्कटलेले, चपला दोन तऱ्हेच्या.

"टकटक का न्हाय केलीसा? रातभर डोळ्याला डोळा न्हाय माझ्या! मला वाटलं..." पुढचं तिनं गिळलं.

तात्यांनी तिला शेजारी बसवलं. तिचा हात घेतला, वर टॉवेल टाकला. ती आधी गोंधळली. मग लहानपणी त्यांच्याबरोबर बाजारात हिंडलेली पोर तिच्यात जागी झाली असावी.

"एवढं दिस? न्हाय ओ आबा, म्हस व्यायला झालीया. सासूला गुडघ्यानं उठवंना."

तिनं उलट बोटं दाबली. तात्यांनी बाजारात करायचे तसं तोंड वाकडं केलं आणि उठून जायचं नाटक केलं. ती रडता रडता हसली. "बसा खाली! हेडीपणा लेकीसंगं करतायसा व्हय?" टॉवेल पुन्हा हलू लागला. किती दिवसांवर सौदा ठरला, ते आम्हाला कळलं नाही. विचारायचं नसतं.

ती राहिली. त्यांच्या घरात चुलीवरच्या भाकरीचा वास आला, भांडी वाजली. रुचितानं परीक्षेत स्वतःचीच बोटं दाखवून मार्क मिळवले आणि कॅमेरा परत केला. आज ती बंगळूरला असल्याच यंत्रांवर काम करते. रविवारी फोन करते.

ठरले तेवढे दिवस संपले. तात्या तेजस्वीला एसटीत बसवून आले आणि ओट्यावर बसले. मी दारात तांदूळ निवडत होते. त्यांनी टॉवेल मांडीवर पसरला, दोन्ही हात त्याखाली एकमेकांत घातले, सौद्याला घालतात तसे. मधूनमधून टॉवेल थोडासा हलत होता.