शेवंतीचे दोन हार

अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्याजवळचं हर्नडन सोडून आम्ही पश्चिमेला सांता क्लाराला आलो ते माझ्या नोकरीसाठी, हे आधीच कबूल करून टाकतो. मुलगी तेव्हा दहावीत होती. तिच्या बालवाडीपासूनच्या सगळ्या मैत्रिणी तिकडेच राहिल्या. नव्या शाळेत चार दिवसांत मैत्रिणी होतील, असं मी तिला छातीठोकपणे सांगितलं होतं. वर्ष उलटलं तरी एकही झाली नाही. ती रोज डबा घेऊन लायब्ररीत एकटीच बसते, हे आम्हाला शाळेच्या काउन्सेलरकडून कळलं.

घरी आली की खोलीचं दार बंद आणि आतून जपानी गाणी. तीही एकाच बाईची. माझं डोकं फिरायचं. सात वर्षं दर रविवारी मी हिला मराठी शाळेत ड्राइव्ह करून नेलं होतं. तिथे बाराखडीला कंटाळणारी ही पोरगी आता आपण होऊन वहीत जपानी अक्षरं गिरवत होती. बायको म्हणायची, गप्प बस, निदान कशात तरी तिचं मन रमतंय. पण गप्प बसणं माझ्या स्वभावात नाही.

सकाळी शाळेत सोडताना गाडीत वीस मिनिटं मिळायची. एकदा मी मुद्दाम खोचकपणे विचारलं, ही तुझी बाई रडगाण्यापलीकडे काही गाते का? मुलगी भडकली आणि भांडता भांडता बोलायला लागली. मला युक्तीच सापडली. रोज सकाळी बाईंना एक टोमणा मारायचा, की पुढची हकीकत मिळायची. एरवी माझ्याशी हूं की चूं न करणारी मुलगी शाळेच्या फाटकापर्यंत बोलत राहायची.

बाई उत्तर जपानातल्या मासेमारीच्या एका गावच्या. आईचं केस कापायचं दुकान. नंबर लागेपर्यंत बसून राहिलेल्या गिऱ्हाइकांना ही पोर गाणी म्हणून दाखवायची. सोळाव्या वर्षी टोकियोत पाच मुलींच्या ग्रुपमध्ये तिची निवड झाली. तिकडे अशा ग्रुपमध्ये प्रत्येकीला एक रंग असतो आणि चाहते आपल्या आवडतीच्या रंगाची दिव्याची कांडी हातात धरून हलवतात. हिच्या वाट्याला पिवळा रंग आला, आणि उभं राहायला रांगेचं टोक. हॉलभर गुलाबी आणि निळे दिवे, पिवळे कुठेतरी चार-पाच. कार्यक्रम संपला की ही त्या चार-पाच दिव्यांकडे वळून कमरेत वाकायची. बाकीच्या आत निघून गेल्या तरी ही वाकलेलीच असायची.

पुढे ग्रुप मोडला. मग आवाज गेला. घशाचं ऑपरेशन झालं आणि कित्येक आठवडे ती पाटीवर लिहून बोलत होती. कंपनीने करार संपवला तेव्हा ती गावी परतली आणि एका बेकरीत पाव विकायला उभी राहिली. तिथे भट्टीपाशी कोणी नसताना ती पुन्हा गुणगुणायला लागली. आवाज परत आला तो आधीपेक्षा खालचा, जरा खरखरीत. त्याच आवाजात तिने स्वतः लिहिलेली गाणी म्हटली आणि चाळिशीला टेकता टेकता तिचं नाव झालं. हे ऐकलं त्या सकाळी मला टोमणा सुचला नाही. ऑफिसच्या पार्किंगमध्ये गाडी लावून मी तिचं एक गाणं शेवटपर्यंत ऐकलं. शब्द एकही कळला नाही. पण आवडलं, हे कोणाला सांगितलं नाही.

गेल्या ऑक्टोबरात बाई सॅन होजेच्या एका लहानशा थिएटरात गाणार असल्याची बातमी आली. जपानी गायकांचे चाहते अशा वेळी वर्गणी काढून लॉबीत माणसाच्या उंचीचा फुलांचा स्टँड ठेवतात. त्यावर पाठवणाऱ्यांच्या नावाची पाटी असते आणि गायिका कार्यक्रमाआधी येऊन ते बघते. अमेरिकेत विखुरलेल्या आठ-दहा मुलींचा एक ऑनलाइन ग्रुप होता, आमची त्यात गुपचूप वाचणारी. थिएटरपासून सर्वांत जवळ तिचं घर, म्हणून स्टँडची जबाबदारी तिच्यावर आली. त्या दिवशी फोनवर बोलताना ती हसत होती. तिचं हसणं मी जवळजवळ विसरलोच होतो.

फुलवाल्याला ऑर्डर द्यायची म्हणाली तेव्हा मी मध्ये पडलो. हार करायला मला माझ्या आईने शिकवलंय. आमच्या घरी मुलगा-मुलगी असला प्रकार नव्हता, जो रिकामा दिसेल त्याच्या हातात ती सुईदोरा द्यायची. इथल्या मंडळाच्या गणपतीचा हारही मीच करतो. आणि बाईंचा रंग पिवळा. म्हणजे शेवंती. शुभकार्याला शेवंती चालते, यापुढे विचार करायची मला गरजच वाटली नाही.

कार्यक्रमाच्या आदल्या दिवशी, शनिवारी पहाटे जाऊन मी घाऊक बाजारातून पिवळी आणि पांढरी शेवंती आणली. दुपारभर आम्ही दोघं जमिनीवर बसून ओवत होतो. सुरुवातीला तिची फुलं फाटायची, मग हात बसला. दंडाएवढे जाड दोन हार झाले. तिने फोटो काढून ग्रुपवर टाकला.

मग सिएटलच्या एका मुलीचा मेसेज आला. तिची आजी जपानची. तिने अगदी सौम्य शब्दांत लिहिलं होतं, की पिवळी-पांढरी शेवंती तिकडे मयताला वाहतात.

मी आधी ओरडलोच. आमच्या गणपतीला चालते, ती हिला का चालत नाही? मुलीने मला ओरडू दिलं. मग शांतपणे म्हणाली, "बाबा, इट्स ओके. मी त्यांना सांगते की आयडिया माझी होती."

दोन वर्षांनी तिला कुठेतरी चार माणसं मिळत होती. तिथे मी घोळ घातला होता आणि माझी चूक ती स्वतःवर घ्यायला निघाली होती. मी तिची माफी मागितली. बापाने माफी मागायची सवय आमच्याकडे नाही, त्यामुळे दोघांनाही अवघडल्यासारखं झालं.

ही मुलगी पिझ्झासुद्धा ॲपवरून मागवते, कोणाशी बोलायला नको म्हणून. त्या संध्याकाळी तिने सिएटलच्या मुलीकडून तिच्या आजीचा नंबर घेतला आणि कोणती फुलं चालतील ते विचारायला फोन लावला. जपानीत बोलली. अडखळत, मध्येच थांबत, पुन्हा सुरुवात करत. पलीकडच्या आजी पोटभर हसल्या आणि हार कोणी केले ते विचारलं. झेंडू चालेल का म्हणून तिने पाठवलेला फोटो पाहून म्हणाल्या, हे छान दिसेल. सोबत सूर्यफुलं घाला, पांढरं मात्र काही नको.

रविवारी सकाळी इंडियन स्टोअरमध्ये नवरात्राची गर्दी होती. आम्ही झेंडूची अख्खी खोकी उचलली तेव्हा मागच्या काकू करवादल्या, की त्यांना घटाची माळ करायची आहे. मी तोंड उघडणार तेवढ्यात मुलगी मराठीत म्हणाली, "काकू, आमच्या सिंगरसाठी पाहिजे. तुम्हाला एवढी पुरतील?" आणि दोन ओंजळी फुलं तिने त्यांच्या पिशवीत घातली. काकूंनी उरलेल्या खोक्यांवरचा हक्क सोडला.

बायकोलाही सुईदोरा घेऊन बसवलं. कार्यक्रम दुपारी तीनचा होता. एक वाजता मुलगी आणि मी लॉबीत पोचलो. इतर स्टँड फुलवाल्यांकडचे, नीटनेटके. आमच्या स्टँडला वरून खालपर्यंत झेंडूच्या माळा आणि मध्ये सूर्यफुलं. जरा लग्नाच्या मांडवासारखा दिसत होता, पण वास दारापर्यंत येत होता. थोड्या वेळाने तीन-चार मुली धावत आल्या आणि आमचीला मिठ्या मारल्या. सिएटलची त्यांच्यातच होती. मी न सांगता बाजूला झालो.

ती आत गेली आणि मी गाडीत बसून राहिलो. आत काय झालं ते नंतर कळलं. बाई स्टेजवरून म्हणाल्या होत्या, की लॉबीत एक नवा वास आला, तो घेऊन आत गेले, आणि गाताना भीती वाटली नाही. शेवटी त्या वाकल्या त्या बराच वेळ वाकलेल्याच होत्या. समोर सगळा हॉल पिवळा होता.

कार्यक्रम सुटल्यावर मुलगी गाडीच्या खिडकीशी आली. मागे चार मुली उभ्या होत्या. "बाबा, कोणी लंच नाही केलंय. घरी पोहे होतील का?"

या घरात तिच्यासाठी आलेले ते पहिले पाहुणे. शेवंतीचे हार डायनिंग टेबलावर तसेच पडले होते. सिएटलच्या मुलीची नजर तिकडे गेली आणि मी ओशाळलो. मुलीने मात्र भिंतीवरच्या माझ्या आईच्या फोटोकडे बोट दाखवलं. ही माझी आजी, हिनेच बाबांना शिकवलं, असं तिने सांगितलं. आई तीन वर्षांपूर्वी गेली. व्हिसाच्या भानगडीत मला शेवटचं जाता आलं नव्हतं. सिएटलची मुलगी म्हणाली, "देन दे आर द राइट फ्लॉवर्स." दोघींनी खुर्चीवर चढून दोन्ही हार फोटोला घातले आणि खाली उतरून कमरेत वाकल्या. मी कांदा चिरत होतो, त्यामुळे डोळ्यांचं कारण कोणी विचारलं नाही.

पोह्यांच्या ताटल्या घेऊन त्या खोलीत गेल्या. थोड्या वेळाने त्याच बाईंचं गाणं सुरू झालं आणि त्यात पाच मुलींचे आवाज मिसळले. बायकोने मला कोपराने ढोसून पॅसेजकडे बघायला लावलं. खोलीचं दार सताड उघडं होतं.