माझ्या केसमधल्या मॅडम

मी धूलकोटच्या शाळेत शिकवायची आणि इकडे बऱ्हाणपुरात घरी नवऱ्याला लकवा झालेला. दुपारी त्यांना पाणी पाजायलाही कोणी नसायचं. शहरातल्या शाळेत बदली मिळावी म्हणून मी हायकोर्टात गेले. निकाल माझ्या बाजूने लागला, पण जिल्ह्याच्या शिक्षण ऑफिसने तो दाबून ठेवला. जुने साहेब दर वेळी म्हणायचे, "देखते हैं मॅडम, ऊपर से मार्गदर्शन आने दो." असं म्हणता म्हणता ते रिटायर झाले. त्यांच्या निरोप समारंभात मीही टाळ्या वाजवल्या.

शेवटी वकिलांनी अवमान याचिका लावली. आदेश का पाळला नाही, हे सांगायला अधिकाऱ्याने स्वतः हजर राहावं, असं कोर्टाने फर्मावलं. तोवर त्या खुर्चीवर नव्या मॅडम आल्या होत्या. वकील म्हणाले, "त्यांना एकदा भेटून बघता का? कदाचित लगेच सही करतील."

"पुष्कळ चकरा मारल्या मी," मी म्हटलं. "आता उभं राहू दे त्यांना."

तारखेला मी जबलपूरला गेले. वकील आत होते; गरज लागली तर बोलावतो म्हणाले. मी व्हरांड्यातल्या बाकावर बसून नवऱ्याशी फोनवर बोलले. शेजारी एक तरुण बाई तान्हं बाळ घेऊन बसली होती. मी फोन ठेवल्यावर म्हणाली, "मराठी ऐकून बरं वाटलं. आई दूध गरम करून आणायला गेलीय आणि माझा नंबर आता लागेल. जरा बाळाला धराल का, मावशी?"

मी बाळ घेतलं. तेवढ्यात पुकारा झाला. नाव माझं होतं, आणि उठून आत गेली ती.

बाळ छातीशी धरून मी तिथेच बसून राहिले. दार अर्धं उघडं होतं. मॅडम नुकत्याच रुजू झाल्यात, असं त्यांचे वकील सांगत होते. न्यायाधीश म्हणाले, "कुर्सी तो वही है ना?" मग तिचा बारीक आवाज आला. ती माफी मागत होती. एकदा मागून झाली, तरी पुन्हा मागत होती.

बाहेर आली तेव्हा तिचा चेहरा उतरला होता. "कोणी शिक्षिका आहे," ती म्हणाली. "मला फाईलच कोणी दाखवली नव्हती. एकदा येऊन भेटली असती, तर त्याच दिवशी सही केली असती मी."

"ती मीच," मी म्हटलं.

ती रागावली असती तर बरं झालं असतं. तिने झोपलेलं बाळ अलगद माझ्या हातातून घेतलं, "थँक्यू" म्हणाली आणि गेली.

दुसऱ्याच दिवशी बदलीचा आदेश निघाला. नवरा म्हणाला, "आपल्या हक्काचंच मिळालं ना?"

"हो," मी म्हटलं. खोटं नव्हतं ते. आता दुपारच्या सुट्टीत घरी येऊन मी त्यांना गरम जेवायला घालते. तरी तो बारीक आवाज कानातून जात नाही.

काही महिन्यांनी मॅडम आमच्या शाळेत तपासणीला आल्या. त्यांनी मुलांकडून धडा वाचून घेतला, माझ्या वर्गाचं कौतुकही केलं. निघताना मी गाडीपर्यंत गेले. "मॅडम, त्या दिवशी..."

"तुमच्या मिस्टरांची तब्येत कशी आहे?" त्यांनी मध्येच विचारलं.

"बरी आहे."

"मग झालं," म्हणाल्या आणि गाडीत बसल्या.

वर्गात मुलांचा गोंधळ चालला होता. मला आत जायला पाय उचलवेना.