निलगिरीवरचा लाल पट्टा

मला स्वस्थ बसता येत नाही. कुलूप लावून जिन्यापर्यंत गेले तरी परत येते, गॅसचं बटण बघते, पुन्हा निघते. घरचे म्हणतात, हिच्या पायाला भिंगरी आहे. पण यंदाच्या उन्हाळ्यात नेमकं जिथे जाऊन बघायला हवं होतं तिथे मी तीन आठवडे फिरकले नाही. त्याचा राग मला अजून येतो, आणि तो दुसऱ्या कुणावर काढताही येत नाही.

मी नागपुरातल्या एका कॉलेजात वनस्पतिशास्त्र शिकवते. आमच्या विभागामागे सहा निलगिरी होत्या. पाच चांगल्या उंच, आणि सहावी जेमतेम दीड पुरुष. जमिनीतूनच तीन खोडं फुटलेली, तिन्ही तिरपी. ती माझ्या सरांनी लावलेली. मी त्यांची विद्यार्थिनी असताना परदेशातल्या कुणीतरी त्यांना पाकिटातून चिमूटभर बी पाठवलं होतं. ऑस्ट्रेलियाच्या एका कोपऱ्यातल्या थोड्याशा खडकाळ टेकड्यांवरच ही जात उगवते, बाकी कुठे नाही, असं पाकिटावर लिहिलं होतं. रोपं बरीच आली, आपल्या उन्हाळ्यात एकेक करून गेली, एक जगलं.

पण पाकिटावर लिहिलंय म्हणून विश्वास ठेवतील ते आमचे सर कसले! निलगिरीची जात ओळखायची तर कळी हातात हवी, आणि ही बया इतकी वर्षं फुलायचं नाव घेत नव्हती. सर निवृत्त झाले, काचबिंदूने दृष्टी जवळजवळ गेली, तरी फोन केला की पहिला प्रश्न ठरलेला. "कळी धरली का वं?"

यंदा जानेवारीत धरली. बारीक, हिरवी, टोकाला चोच असलेली. सरांना कळवलं तर त्यांनी आधी कळीचा आकार दोनदा विचारून घेतला. मग म्हणाले, "घाई नोको करू. चांगली भरू दे. मंग एक डहाळी आण. एकच."

त्याच सुमाराला कॉलेजने मागची भिंत बांधायला काढली. पाच उंच निलगिरी तोडायचं ठरलं, परवानगीचा अर्ज गेला. ठेकेदाराच्या माणसांना सोपी खूण सांगितली होती, लाल पट्टा दिसेल ते झाड सोडायचं. पट्टा मीच मारला. ऑइल पेंट, तिन्ही खोडांना, दोन-दोन हात. माळीकाका बाजूला उभे राहून हसत होते. "मॅडम, नवरीलेबी एवढा मेकअप नाही करत कोनी." मी पण हसले आणि निर्धास्त झाले.

मग परीक्षा आल्या, पेपरांचे गठ्ठे आले, ऊन पेटलं. मी कूलरसमोर बसून पेपर तपासत होते तेव्हा माळीकाकांचा फोन आला. "मॅडम, झाडं तोडून राहिले. आपलं लहानंबी गेलं."

ऑटोतून उतरून मी धावतच मागे गेले. तिन्ही खोडं आडवी पडली होती. गुळगुळीत, फिकट, लाल रंगाचा ठिपका नाही.

"पट्टा नाही दिसला यांना?" मी ओरडलेच.

"पट्टा होता कुठी मॅडम? साल गेली ना त्याची. मी म्हनलं त्याईले, हे राहू द्या. ते म्हने, पट्टा दाखव."

पायाखाली सालीच्या वाळलेल्या सुरळ्या करकरत होत्या. एक उचलून उलटली तर लाल रंग दिसला. या निलगिरी उन्हाळ्यात साल टाकतात हे मी दरवर्षी फळ्यावर लिहिते, परीक्षेत विचारते, कुणी चुकलं तर गुण कापते. आणि त्याच सालीवर रंग फासून मी घरी जाऊन बसले होते. स्वतःच्या थोबाडीत मारून घ्यावीशी वाटली.

फांद्या ट्रकमध्ये भरून झाल्या होत्या, ट्रक वाडीकडच्या वखारीला निघायच्या बेतात होता. मी चाकावर पाय देऊन वर चढले आणि आपल्या झाडाची, कळ्या असलेली पहिली हाताला लागली ती फांदी ओढून काढली. माझ्याएवढी होती. ती ऑटोत आडवी घालून थेट सदरला, सरांच्या घरी.

सर खुर्चीत होते. मी फांदी त्यांच्या मांडीवर ठेवली. त्यांनी एक कळी चाचपली, नखाने तिची टोपी काढली, आतले तंतू ओठांना लावून पाहिले, वास घेतला. दुसरी घेतली, तिसरी घेतली. घाई मला होती, त्यांना नव्हती.

"तेच हाय," ते म्हणाले. "पाकिटवाला खोटं नव्हता बोलला." त्यांचे डोळे भरून आले होते. मग त्यांचा हात फांदीवरून मागे सरकत गेला आणि जाड बुडख्याशी थांबला. "अवं, हे काय? केवढी तोडली ही? एक डहाळी म्हटलं होतं ना मी? जगात मोजक्या जागी असलेलं झाड, पहिल्यांदा कळ्या धरल्या त्यानं, आन् तू कुऱ्हाड घेऊन गेली?"

"चुकलं सर." तेवढंच तोंडातून निघालं. ती बोलणी मला हवीच होती, आणखी खायला मी तयार होते.

पण त्यांचा राग फार वेळ टिकत नाही. "असू दे. बाकीचं झाड तर आहे. चाल, आत्ताच घेऊन चाल मले, हात लावून पाहतो." आणि ते उठून काठी शोधायला लागले. ती माझ्याजवळच होती. क्षणभर वाटलं, उन्हाची सबब सांगावी, पावसाळ्यापर्यंत ढकलावं. मग ती त्यांच्या हातात दिली.

"सर, झाड तोडलं. माझ्यामुळे."

मी रडत होते, आणि ते त्यांना ऐकू येत होतं.

"बुड तर असन ना जमिनीत?" ते म्हणाले. "का तेबी उपटलं?"

"आहे."

"मंग चाल. पानी घातलं का कोनी त्याले?"